राणीचा चेहरा आणि चित्रकार

जुन्या छायाचित्रावरून व्यक्तिचित्र रंगविण्याची प्रथा आपल्याकडे चांगली रुजली आहे. घराघरांतील कित्येक पूर्वजांच्या तसबिरी अशाच तयार झाल्या. झाशीच्या राणी लक्ष्मीबाईंच्या बाबतीत मात्र चित्रकारापुढे मोठी अडचण उभी राहते. त्यांचे निर्विवाद म्हणता येईल असे एकही छायाचित्र नाही.

ही उणीव भरून काढण्यासाठी हॉफमन याने 1850 साली काढलेले म्हणून एक छायाचित्र मिरविले जाते. त्याच्या रंग भरलेल्या प्रतीही फिरतात. परंतु जॉन्स्टन आणि हॉफमन ही कलकत्त्याची पेढी 1880 नंतरची, आणि लक्ष्मीबाई तर जून 1858 मध्ये ग्वाल्हेरीस धारातीर्थी पडल्या. काळाचा मेळच बसत नाही.

मग चित्रकाराने आधार कोणता घ्यावा? आमच्या मते दोन शब्दचित्रांचा. पहिले जॉन लँग या वकिलाचे. संस्थान खालसा झाले तेव्हा, 1854 साली, राणीने त्याला सल्ल्यासाठी बोलाविले. बोलणे पडद्याआडून चालले असता दत्तकपुत्राने पडदा सारला आणि लँगला क्षणभर दर्शन घडले. वाटोळा चेहरा, सुंदर डोळे, पांढरी मलमल, आणि कानांतील सोन्याच्या भूषणांखेरीज दागिना नाही, असे तो 1859 च्या पुस्तकात सांगतो. आवाज मात्र त्याला रुचला नाही.

दुसरे वरसईच्या विष्णुभट गोडसे यांचे. 'माझा प्रवास' त्यांनी सुमारे पंचवीस वर्षांनी आठवून लिहिला. चिंतामणराव वैद्यांनी तो 1907 साली फेरफार करून छापला. मूळ पाठ दत्तो वामन पोतदारांनी 1966 साली वाचकांपुढे ठेवला. गोडसे यांची राणी कधी पुरुषवेषात, तर कधी स्त्रीवेषात वावरते.

एकाने क्षणभर पाहिले, दुसऱ्याने उशिरा लिहिले. दोघांच्या साक्षीला मर्यादा आहेत, पण त्या वाचकास दिसतात. खोट्या छायाचित्राची मर्यादा झाकलेली राहते, हाच त्याचा मुख्य दोष होय.

15 ऑगस्ट 1957 च्या टपाल तिकिटावरील अश्वारूढ राणी ही स्मारकातील राणी आहे, आणि स्मारक म्हणून तिजवर आमचा आक्षेप नाही. व्यक्तिचित्रात मात्र पती व राज्य गमावूनही परक्या वकिलाशी आपला हक्क मांडणारी स्त्री दिसावयास हवी.

बृहन्महाराष्ट्रातील आम्हां मराठी जनांस राणी आपल्या वाटतात, म्हणूनच त्यांच्या चेहऱ्याचा दाखला हवासा वाटतो. परंतु त्या हौसेपोटी कुणा अनोळखी स्त्रीस त्यांचे नाव देणे हा दोघींवरही अन्याय आहे. जो चित्रकार अर्धवट सरलेला पडदा, पांढरे वस्त्र आणि पडद्याजवळचे मूल रंगवील, आणि चेहरा कल्पनेने काढला आहे असे चित्राखाली स्पष्ट लिहील, त्याचे चित्र आम्ही अधिक विश्वसनीय मानू.