घरात जागा कुणाला? : स्मिता तळवलकरांचे सिनेमे

भद्रावतीत सिनेमावर बोलणार म्हटल्यावर मला एकानं आधीच विचारलं, "नाटकावर का नाही?" बरोबरच आहे. इथून थोडं पूर्वेला सरकलं की झाडीपट्टी लागते. दिवाळीनंतर मंडईचे दिवस आले की दिवसा शंकरपट आणि रात्रभर नाटक. त्यामुळे तुम्हाला एक गोष्ट वेगळी समजावून सांगावी लागत नाही. स्टेजवर हसवणारी-रडवणारी बाई वेगळी, आणि वडशाला कंपनीच्या ऑफिसात बसून यंदा कोणतं नाटक उभं करायचं ते ठरवणारा वेगळा. पैसा ज्याचा, विषय त्याचा. आता नटीच त्या ऑफिसातल्या खुर्चीवर जाऊन बसली, तर पडद्यावर काय बदलतं? आजचं बोलणं त्याच्यावर.

'अभिनेत्री ते निर्माती' अशा मथळ्याचे लेख तुम्ही खूप वाचले असतील. त्यांत बाईंचं कौतुक असतं, जिद्द असते, पुरस्कारांची यादी असते, फक्त सिनेमा नसतो. मला ते कौतुक जरा अपमानास्पदच वाटतं. पुरुष निर्मात्याबद्दल आपण 'त्यानं निर्मिती केली बरं का' असं म्हणून थांबतो का?

तशी ही वाट जुनी आहे. शोभना समर्थांनी 1950 मध्ये 'हमारी बेटी' काढला, स्वतः दिग्दर्शित केला आणि मुलीला, नूतनला, पडद्यावर आणलं. दुर्गा खोट्यांच्या निर्मितिसंस्थेनं तर पुढे 'वागळे की दुनिया'सारखी मालिका दिली. पण मला थांबायचंय ते स्मिता तळवलकरांपाशी. मुंबई दूरदर्शनवर त्या मराठी बातम्या वाचायच्या. मग 'गडबड घोटाळा'सारख्या चित्रपटांतून कामं केली आणि 1989 मध्ये 'कळत नकळत'ची निर्मिती केली. दिग्दर्शक कांचन नायक. त्या वर्षीचा उत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला.

तो काळ आठवा. मराठी पडद्यावर विनोदी चित्रपटांची चलती होती. अशा वेळी नवी निर्माती कोणता विषय घेते? नवरा, बायको आणि नवऱ्याच्या आयुष्यात आलेली तिसरी. विक्रम गोखले, सविता प्रभुणे, अश्विनी भावे. तिसरी आली की तिला खलनायिका करायची, ही आपली जुनी खोड. इथे तसं होत नाही. आणि बायको नुसती सोसत बसत नाही, तिला राग येतो आणि तो राग सिनेमा मान्य करतो.

नंतर 'चौकट राजा', 1991. लहानपणच्या अपघातानं बुद्धीची वाढ खुंटलेला नंदू, आणि मोठी होऊन, लग्न करून त्याच्याच शेजारी राहायला आलेली बालमैत्रीण मीनल. मीनलची भूमिका तळवलकरांनी स्वतः केली. पण सिनेमाचा जीव आहे नंदूत, आणि नंदू दिलीप प्रभावळकरांचा. पैसे आपले, तरी मध्यभागी दुसरा. हा मोठेपणा होता असं मी म्हणणार नाही, व्यवसायाची जाण होती. मीनलच्या वाट्याला आलं ते अपराधीपण, आणि नवऱ्याच्या नजरेतली नाराजी. 1998 च्या 'तू तिथं मी'मध्ये तर म्हातारा-म्हातारीला मुलांच्या वेगवेगळ्या घरांत वाटून दिलं जातं, भांडीकुंडी वाटावीत तसं. हे दोन्ही चित्रपट संजय सूरकरांनी दिग्दर्शित केले.

आता हे तिन्ही शेजारी-शेजारी ठेवा. दिग्दर्शक दोन, पण प्रश्न एकच निघतो : या घरात जागा कुणाला आहे? बायकोला, नंदूला, म्हाताऱ्या आईबापाला? म्हणून मी म्हणतो, तळवलकरांची सही निर्मितीत आहे. कॅमेरा कुठे ठेवायचा ते दुसऱ्यानं ठरवलं, पण दार कुणासाठी उघडायचं ते त्यांनी ठरवलं. तक्रारही सांगतो. ते घर कायम शहरातलं, मध्यमवर्गीय. आणि घर कुणाच्या नावावर आहे, हे तिथं सहसा कुणी विचारत नाही.

दिग्दर्शनाच्या खुर्चीत त्या बसल्या 'सवत माझी लाडकी'साठी, तोही याच काळातला. काल संध्याकाळी आपण तो इथं पाहिला. विषय पुन्हा 'कळत नकळत'चाच, पण यावेळी हसत-खेळत. डॉक्टर नवरा मोहन जोशी, त्याला भुरळ पडते ती तरुण डॉक्टर वर्षा उसगावकर. बायको नीना कुळकर्णी. ही बायको रडत नाही, सवतीला मानानं घरात आणते आणि संसाराचा गाडा तिच्या गळ्यात घालते.

इथे दिग्दर्शिकेची नजर दिसते. घरातलं काम आपल्या सिनेमात नेपथ्यासारखं असतं : हिरॉईन पोळी लाटते, पण संवाद भलताच चालू असतो. या सिनेमात काम हीच घटना आहे. प्रत्येक काम मोजलं जातं, कुणाच्या तरी अंगावर पडतं, दमवतं. लोक हसतात, पण हसताना मोजदाद होत राहते.

शेवटाकडे मात्र दिग्दर्शिकेवर निर्माती मात करते. नवरा परत येतो आणि कामाचं ते सगळं ओझं गुपचूप जुन्या मालकिणीच्या खांद्यावर जातं. त्याला एक कप विसळायची शिक्षाही नाही! तिकीटबारीला घर सांधलेलं हवं होतं, दिलं. मला हे खटकतं, आणि नीना कुळकर्णींनी एवढं नेमकं काम केल्यामुळे जास्तच खटकतं.

काल सिनेमा संपल्यावर चपला शोधता शोधता एका आजींनी मला विचारलं, "अन् त्या पोरीले समदं काम जमलं असतं, तं मंग?"

मी दोन पानांचं टिपण काढून आणलं होतं. त्यात हा प्रश्न नव्हता. बायकोचा सगळा डाव उभा आहे तो सवतीला काम जमणार नाही या भरवशावर. जमलं असतं, तर घरात जागा कुणाची राहिली असती? जो चांगलं राबेल त्याची? आजींना मी म्हटलं, उद्या या, बोलू. त्या तिसऱ्या ओळीत बसल्या आहेत. आजी, तुम्हीच सुरुवात करा.