जत्रेत मुक्काम ठोकलेला कॅमेरा

एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून पाण्याची पहिली रेल्वे लातुरात आली. दहा वाघिणी, सुमारे पाच लाख लिटर पाणी आणि त्याभोवती कॅमेऱ्यांची झुंबड. वाघिणी रिकाम्या झाल्या तसे कॅमेरेही पांगले. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंपाने किल्लारी हादरली, त्यानंतरही असेच झाले होते. मराठवाड्यात कॅमेरा येतो तो बहुधा आपत्तीच्या मागून.

मुक्काम करणारा कॅमेरा मात्र वेगळे दाखवतो. लातुरात ती रेल्वे आली त्याच्या पुढच्याच महिन्यात कान महोत्सवात शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांचा 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' दाखवला गेला आणि तिथल्या माहितीपटांच्या पुरस्कारात त्याचा विशेष उल्लेख झाला. विषय घरचाच: महाराष्ट्रातल्या जत्रांमधून फिरणाऱ्या तंबू टॉकीज. चित्रीकरण पाच वर्षे चालले, आणि ती पाच वर्षे पडद्यावर दिसतात.

यंत्राला जीव लावणे आपल्याला नवे नाही. खंडेनवमीला पाण्याच्या मोटारीलाही हळदकुंकू लागते. पण प्रोजेक्टरचे नाते रोजच्या राबत्याचे. कार्बनच्या दोन कांड्यांमधली ठिणगी विझू नये म्हणून त्या जळतील तशा जवळ सरकवायच्या; जरा नजर हटली की पडद्यावरचा नायक अंधारात. या माहितीपटातला प्रकाश नावाचा कारागीर स्वतः घडवलेला प्रोजेक्टर दाखवतो तेव्हा कॅमेरा घाई करत नाही. तंबू टॉकीज चालवणाऱ्या मोहम्मदचा जुना प्रोजेक्टर भंगारात जातो तेव्हाही नाही. रडवण्याची आयती संधी दिग्दर्शक सोडून देतात, हे त्यांचे मोठेपण. तरी एक तक्रार उरते. तंबूतला अंधार आणि धूळ इतकी देखणी दिसते की मधूनच धंद्याचा हिशेब विसरायला होतो.

आणि असे माहितीपट पाहणार कुठे? केंद्र सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनच्या काळात चित्रपटगृहांत वार्तापट सक्तीने दाखवत; लोक तेवढ्यात बिडी ओढून येत. १९४८ मध्ये सुरू झालेली ती संस्था २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाली. पायल कपाडिया यांना २०२१ मध्ये आणि शौनक सेन यांना २०२२ मध्ये कानचा माहितीपटांचा तोच पुरस्कार मिळाला. मात्र तिकीट काढून माहितीपट पाहायची सोय नांदेडच्या प्रेक्षकाला सहसा मिळत नाही. पुरस्कार मोजणाऱ्यांनी हेही मोजावे.

विषयांचा तर इथे तोटा नाही. लोहा तालुक्यातल्या माळेगावला मार्गशीर्षात खंडोबाची यात्रा भरते, घोड्यांचा बाजार लागतो. जनावरांच्या बाजारातली जुनी रीत म्हणजे रुमालाखाली हात घालून बोटांनी भाव ठरवायचा. शेजारच्यालाही पत्ता लागत नाही. आता दोघांच्याही खिशात मोबाइल आहे आणि भाव मिटण्याआधी घोड्याचा व्हिडिओ चार गावे फिरून आलेला असतो. तो रुमाल अजून का काढावासा वाटतो, हे टिपायला एखाद्याने तिथे चार-पाच यात्रा मुक्काम ठोकायला हवा.