पडद्यावरचे देहू

चित्रपटाची चर्चा नटांपासून निघते व दिग्दर्शकापाशी थांबते. कलादिग्दर्शकाचे ऋण बहुधा अनुल्लेखितच राहते. म्हणूनच कागलच्या साहेबमामा फत्तेलाल यांच्या कारकिर्दीकडे आम्ही मुद्दाम वळतो. बाबूराव पेंटरांच्या हाताखाली घडलेल्या या कलावंताने १९२९ मध्ये कोल्हापुरात सहकाऱ्यांसह ‘प्रभात’ची स्थापना केली. ‘अमृतमंथन’ (१९३४) मधील त्यांचे भव्य मंदिर प्रेक्षकाला दिपवते. दामल्यांसह दिग्दर्शित केलेल्या ‘संत तुकाराम’ (१९३६) मधील देहू मात्र त्याला आपल्या घरी नेते. त्या साध्या घरामुळेच जिजाईचा त्रागा खरा वाटतो. शेवटचे वैकुंठीचे विमान आम्हांस तितके पटत नाही. चमत्कार तेथे रंगविलेला दिसतो, दारिद्र्य अनुभवलेले. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला. एका मुसलमान कलावंताने वारकऱ्यांचे गाव इतक्या निष्ठेने उभारावे, यातच मराठीपणाचा व्यापक अर्थ सामावला आहे. तेलुगू मुलखात पिढ्यान्‌पिढ्या नांदणाऱ्या आम्हां आदिलाबादकरांना तो नव्याने सांगावा लागू नये. पुढच्या पिढीला त्याचा विसर पडू न देणे, हे आमचे कर्तव्य होय.