परिवर्तनवादी प्रकाशक आणि त्याची पथारी

छापखाना हा जोखमीचा धंदा आहे, हे १९३० सालच्या सोलापुरास कोणी निराळे समजावून सांगण्याची गरज नव्हती. त्या वर्षी १२ मेपासून जूनअखेरपर्यंत या शहरात जो मार्शल लॉ जारी होता, त्याचा बडगा जसा गिरणीकामगारांवर व स्वयंसेवकांवर तसाच पत्रकारांवरही उगारला गेला. ‘कर्मयोगी’चे संपादक रामभाऊ राजवाडे यांना शिक्षा झाली, आणि १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यास फासावर गेलेल्या चौघांपैकी कुर्बान हुसेन हे ‘गझनफर’ नावाचे पत्र चालवीत असत. चार हुतात्म्यांच्या पुतळ्यांना आजही हार पडतात; परंतु त्यांतील एक जण संपादक होता, हे हार घालणाऱ्यांपैकी कितीजणांच्या ध्यानी असते, याविषयी मी साशंक आहे.

हे विस्मरण केवळ सोलापूरचे नव्हे. आपल्या वाङ्मयेतिहासात कवी आणि कादंबरीकार यांना प्रकरणे मिळतात, समीक्षकांना परिशिष्टे मिळतात, आणि ज्याने पदरचे पैसे घालून, कर्ज काढून, प्रसंगी सरकारात जामीनकी भरून पुस्तक वाचकाच्या हाती दिले, त्या प्रकाशकाची बोळवण प्रस्तावनेतील आभाराच्या एका ओळीत होते. रूढ अभिरुचीवर पोसलेल्या प्रकाशकाच्या बाबतीत हा अन्याय एक वेळ क्षम्य मानता येईल, कारण त्याला वाचक तयार मिळतो. परिवर्तनवादी प्रकाशकाला मात्र पुस्तकाबरोबर वाचकही घडवावा लागतो; म्हणून त्याच्या कार्याचा विचार हा व्यापाराचा नसून वाङ्मयाचाच विचार आहे, असे माझे मत आहे.

आरंभीच्या काळी हा प्रकाशक आणि लेखक एकच असे. नगर जिल्ह्यातील तरवडीसारख्या खेड्यातून मुकुंदराव पाटील यांनी १९१० पासून अनेक दशके ‘दीनमित्र’ चालविला, तो शहरातील विद्वत्सभांच्या अनुज्ञेची वाट न पाहता. लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने १९३६ साली अधिवेशनच रद्द केले, तेव्हा डॉ. आंबेडकरांनी आपले न झालेले भाषण स्वखर्चाने छापले आणि त्याच्या दीड हजार प्रती दोन महिन्यांत संपल्या. व्यासपीठ नाकारले गेले, त्याची भरपाई मुद्रणाने झाली. आणि नकार देणाऱ्यांच्या सभेत जेवढे श्रोते जमले असते, त्यांहून कितीतरी अधिक वाचक त्या पुस्तकास पुढे लाभले.

स्वातंत्र्योत्तर काळात लेखक आणि प्रकाशक विभक्त झाले, तेव्हा निवडीचा प्रश्न उभा राहिला. बाबूराव बागुलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा संग्रह १९६३ साली अभिनव प्रकाशनाने काढला, दया पवारांचे ‘बलुतं’ १९७८ साली ग्रंथालीने. या दोन्ही निर्णयांत मराठी गद्याच्या कक्षेविषयीचे एक मत होते, आणि ते समीक्षेच्या आधी प्रकाशकाने दिले होते. अर्थात प्रस्थापित गृहांनी सर्वकाळ दारे लावूनच घेतली, असे म्हणणे सत्याला धरून होणार नाही. गोदावरी परुळेकरांचे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ मौजेने प्रसिद्ध केले आणि नारायण सुर्व्यांचे ‘माझे विद्यापीठ’ पॉप्युलरने. भेद आहे तो पुढचा: एखादे प्रखर पुस्तक काढणे निराळे, आणि एका विचाराची सबंध ग्रंथसूची वर्षानुवर्षे जिवंत ठेवणे निराळे.

हे दुसरे काम विलास वाघ आणि उषा वाघ यांच्या सुगावा प्रकाशनाने पुण्यात, तेही सदाशिव पेठेत बसून केले. (पेठेची ही निवड हेतुपुरस्सर नसली तरी बोलकी आहे.) रावसाहेब कसबे यांचे ‘आंबेडकर आणि मार्क्स’ येथूनच आले, ऊर्मिला पवार व मीनाक्षी मून यांचे ‘आम्हीही इतिहास घडवला’ १९८९ साली स्त्री उवाचने प्रथम काढले, आणि पुढे त्याला सुगावाने आश्रय दिला. ‘सुगावा’ मासिक, आंतरजातीय विवाहांसाठी चाललेली खटपट आणि पुस्तकांची विक्री हे वाघांच्या लेखी तीन व्यवसाय नव्हतेच. एकाच कामाची ती तीन दप्तरे होती. मार्च २०२१ मध्ये ते निवर्तले, तेव्हा वृत्तपत्रांनी त्यांना ‘कार्यकर्ते’ म्हटले. ते यथार्थच होते. पण एका कालखंडाच्या वैचारिक गद्याचे ते संपादकही होते, हे सांगायचे राहून गेले.

साम्यवादी शाखेचा इतिहास थोडा वेगळा आहे. सोव्हिएत प्रकाशनगृहांची स्वस्त, देखणी मराठी पुस्तके १९९१ नंतर थांबली, आणि अनुदानावर उभा असलेला वाचक किती पोकळ पायावर होता, ते उघड झाले. टिकले ते येथल्या मातीतले: गोविंद पानसरे यांच्या ‘शिवाजी कोण होता?’ या, एका भाषणातून वाढलेल्या छोट्या पुस्तकाच्या लाखाहून अधिक प्रती लोकवाङ्मय गृहाने व कार्यकर्त्यांनी सभासंमेलनांतून, हातोहात खपविल्या.

आज या व्यवहाराचे खरे दुकान रस्त्यावर आहे. ६ डिसेंबरला दादरला, धम्मचक्र प्रवर्तनदिनी नागपूरला, आंबेडकर जयंतीच्या दिवसांत गावोगावी ज्या पथाऱ्या मांडल्या जातात, तेथे पायी आलेला मजूर पुस्तक निवडून घेतो, आणि हे दृश्य कोणत्याही साहित्यसंमेलनाने हेवा करावा असे आहे. परंतु त्या पथारीवरील पुस्तके हाती घेऊन पाहिली की मन किंचित खट्टू होते. तीच चरित्रे, तीच संकलने, मुद्रितांच्या चुकांसह पुनःपुन्हा छापलेली. अनुवाद कोणाचा, मूळ कोणते, याचा पत्ता नाही. श्रद्धावान ग्राहक हमखास मिळतो, म्हणून संपादनाची तोशीस घ्यावीशी वाटत नाही, ही सवय परिवर्तनवादी म्हणविणाऱ्या धंद्याला शोभत नाही. वाघांच्या पिढीने वाचकाशी वाद घातला. आजचे पुष्कळ प्रकाशक त्याला केवळ दुजोरा देतात.

सोलापुरास या अवस्थेची झळ दुहेरी लागते. अक्कलकोट तालुक्यातील हन्नूरचे शरणकुमार लिंबाळे यांनी १९८४ साली ‘अक्करमाशी’ दिली, तरीही सोलापूर म्हणताच पुस्तकांचे गाव डोळ्यांपुढे येत नाही. येतात ते गिरण्या, यंत्रमाग आणि विड्या. त्या मागांवरच्या आणि विड्या वळणाऱ्या घरांतील मोठा वर्ग तेलुगूभाषक आहे, शेजारी कन्नड आणि उर्दू आहेत. हैदराबादेत १९७० साली क्रांतिकारी लेखकांची ‘विरसम’ स्थापन झाली, कर्नाटकात पुढल्याच दशकाच्या उंबरठ्यावर बंडाय साहित्यचळवळ उभी राहिली. दोन्ही प्रदेशांच्या गाड्या या स्थानकावरून जातात. श्री श्री यांच्यासारख्या तेलुगू कवीला मराठीत आणणे आणि बागुलांना तेलुगूत नेणे, हे काम पुण्यामुंबईपेक्षा या गावातून अधिक स्वाभाविकपणे व्हावे. भाषांतरकार येथे शोधावे लागणार नाहीत, ते तेलुगूभाषक पद्मशाली घरांत मराठी शाळा शिकून बसले आहेत. त्यांच्याकडे पुस्तक मागावयास जाणारा प्रकाशक हवा आहे.