साहेबमामांनी उभारलेले देहू

कान्होराज पाठकांच्या केंदूरमध्ये तुकोबांचे घर कसे होते, हे कुणाला समजावून सांगावे लागत नाही. मातीच्या भिंती, दारात म्हैस, घरात दाण्याची चणचण आणि चिडलेली जिजाई! हे चित्र गाथेतून आले, कीर्तनातून आले, असे आपण धरून चालतो. ‘प्रभात’चा ‘संत तुकाराम’ (१९३६) नुकताच पुन्हा पाहिला, तेव्हा त्यातला मोठा वाटा एका कलादिग्दर्शकाचा आहे, अशी माझी खात्री पटली. ते म्हणजे शेख फत्तेलाल, अर्थात साहेबमामा.

साहेबमामा कोल्हापूरच्या चित्रकारांच्या परंपरेतले. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत ते आणि विष्णुपंत दामले तयार झाले. त्याच कंपनीने १९२५ साली ‘सावकारी पाश’ काढून गरीब शेतकऱ्याचे घर पडद्यावर आणले होते. १९२९ साली शांताराम, दामले, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह फत्तेलाल ‘प्रभात’चे भागीदार झाले. १९३३ साली कंपनी पुण्यात आली. म्हणजे सेटची कल्पना करणारा माणूस त्या सेटच्या खर्चाचाही धनी होता. त्यांच्या कामाचा विचार करताना ही गोष्ट सहसा विसरली जाते.

‘प्रभात’चे कलादिग्दर्शन म्हटले की भव्यता, हे समीकरण रूढ आहे. त्याला आधारही आहे. ‘अमृतमंथन’ (१९३४) मधील देवीचे मंदिर माणसाला खुजे करून टाकते, आणि कथेला नेमके तेच हवे आहे. पण ज्याच्या हाती भव्यता होती आणि ती उभारण्याचा अधिकारही होता, त्याने दोनच वर्षांनी तुकोबांसाठी साधे, उघडेबोडके घर उभारले. मला साहेबमामांचे मोठेपण इथे दिसते. संतपटात देवळांच्या झगमगाटाला मुभा असते. त्यांनी ती घेतली नाही.

या संयमाचा परिणाम चमत्कारांवर होतो. ‘संत तुकाराम’मध्ये चमत्कार थोडे नाहीत, शेवटी तर गरुडाच्या पाठीवरून तुकोबा वैकुंठाला जातात. आजच्या नजरेला त्यातली युक्ती सहज कळते. तरीही प्रसंग हास्यास्पद होत नाही, कारण त्याआधी तासाभर आपण त्या घरातली भूक पाहिलेली असते. विष्णुपंत पागनीसांचे तुकोबा आभाळाकडे पाहतात आणि गौरींची जिजाई चुलीकडे. ती चूल खरी वाटली नसती, तर आभाळही खोटे पडले असते. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला, तोही मराठी न कळणाऱ्या प्रेक्षकांसमोर. त्यांच्यापर्यंत अभंगातले शब्द कितपत पोचले असतील? घर मात्र नक्की पोचले असणार.

श्रेयाचा प्रश्न इथे येतो. या चित्रपटाचे दिग्दर्शन दामले-फत्तेलाल या जोडीचे असल्याने त्यांचे नाव राहिले. पण शांतारामांच्या ‘कुंकू’, ‘माणूस’, ‘शेजारी’ यांची चर्चा करताना कलादिग्दर्शकाचे नाव किती वेळा येते? ‘शेजारी’मधील धरण फुटते तेव्हा आपण दिग्दर्शकाचा प्रतीकविचार वाखाणतो, धरण कुणी बांधले, हे विचारत नाही. तुकोबांचे देहू उभारणारा माणूस मुसलमान होता, याचाही गाजावाजा ‘प्रभात’ने केला नाही. तो करावा लागला नाही, यात त्या काळाची आणि त्या कंपनीची एक श्रीमंती होती.

एक सावधगिरी मात्र बाळगायला हवी. आमच्याकडची मातीची घरे झपाट्याने गेली, तसा अशा चित्रपटांना जुन्या खेड्याचा पुरावा मानण्याचा मोह होतो. सतराव्या शतकातले देहू असेच होते, असे ‘संत तुकाराम’वरून म्हणता येणार नाही. तो पुण्यातल्या स्टुडिओत उभारलेला सेट होता. त्यावरून सिद्ध होते ते इतकेच, की १९३६ साली एका चित्रकाराला गरिबाच्या घरात काय पाहावे आणि काय वगळावे, हे कळत होते. पुढे त्याच प्रभातच्या आवारात फिल्म इन्स्टिट्यूट आली. तिथे कलादिग्दर्शन शिकणाऱ्यांनी भव्य मंदिराआधी ही साधी भिंत अभ्यासावी.