दृष्टान्त आणि दार्ष्टान्तिक : संतचरित्रांतील स्वप्नाची रचना

मराठी संतसाहित्यात निद्रेतील एक विशिष्ट घटना वारंवार आढळते. झोपलेल्या व्यक्तीला स्वप्नात कोणी भेटते, काही देते किंवा मागते, आणि त्या देवघेवीचे दायित्व जागेपणी उरते. सामान्य स्वप्न ‘पडते’. हे मात्र ‘दृष्टान्त’ म्हणून ‘होते’, किंवा कोणीतरी तो ‘देते’. दासगणूंची ‘श्रीगजाननविजय’ (१९३९) ही शेगावच्या गजानन महाराजांवरील ओवीबद्ध पोथी वऱ्हाडात घरोघरी वाचली जाते. सातपुड्याच्या पायथ्याच्या सोनाळ्यासारख्या गावात तिच्या श्रोत्याला ‘दृष्टान्त’ या शब्दाचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. साहित्याच्या अभ्यासकाला मात्र तो शोधावा लागतो.

आपल्या समीक्षेने या घटनेची वासलात दोन प्रकारे लावली आहे. एक तर तिला चमत्कार म्हणून बाजूला ठेवले, नाही तर मनोविश्लेषणाच्या आधारे इच्छापूर्तीचा आविष्कार ठरवले. दोन्ही भूमिका स्वप्नाला स्वप्न पाहणाऱ्याच्या मनात बंदिस्त समजतात. संहिता मात्र स्वप्न संपते तेथे सुरू होते.

तिच्या वाचनाची किल्ली परंपरेतच आहे. ‘दृष्टान्त’ हा साहित्यशास्त्रातील अलंकार आहे आणि महानुभावांच्या ‘दृष्टान्तपाठा’चा तो घटक आहे. केसोबासांच्या या ग्रंथाची रचना त्रिविध आहे : सूत्र, दृष्टान्त आणि दार्ष्टान्तिक. सूत्र व दृष्टान्त चक्रधरांचे, दार्ष्टान्तिक केसोबासांचे. म्हणजे दृष्टान्त स्वयंपूर्ण नाही. तो कशाला लागू पडतो हे दुसऱ्या कोणीतरी सांगावे लागते. अलंकाराचा अर्थ आणि स्वप्नाचा अर्थ यांत ऐतिहासिक वंशसंबंध जोडण्याचा येथे हेतू नाही. रचनेतील साम्य मात्र फलदायी आहे : संतचरित्रातील स्वप्न हा दृष्टान्त आहे, आणि त्याचे दार्ष्टान्तिक जागृतीत, बहुधा दुसऱ्याच्या हातून घडते.

‘गजाननविजया’तील मुंडगावच्या पुंडलिकाचा प्रसंग पाहावा. महाराजांनी कानात मंत्र दिलेला नाही, म्हणून ते गुरू नव्हेत, असे त्याच्या मनात भरवले गेले आहे. दुसऱ्या गुरूकडे निघण्याच्या आदल्या रात्री महाराज स्वप्नात येऊन मंत्र देतात आणि मागितल्यावरून पादुकाही देतात. जाग आल्यावर पादुका नसतात. पुढे झ्यामसिंग शेगावहून येतो तो पुंडलिकासाठी महाराजांनी दिलेल्या पादुका घेऊन. द्विधा मनाची इच्छापूर्ती म्हणून मंत्राचा उलगडा होईल. झ्यामसिंगाच्या हातातील पादुकांचा होणार नाही. मात्र येथे दृष्टान्त आणि दार्ष्टान्तिक यांवर एकाच निवेदकाची सत्ता आहे. स्वप्न रचणाराच त्याचा पुरावाही रचतो. हिशेब चोख जुळतो, आणि म्हणूनच श्रोत्याच्या मनात काही उरत नाही.

तुकोबांच्या गुरूपदेशाच्या अभंगात हिशेब जुळत नाही. गंगास्नानाला जाताना वाटेत भेटलेले बाबाजी मस्तकी हात ठेवतात, भोजनासाठी पावशेर तूप मागतात, आणि तुकोबांना स्वप्नातच त्याचा विसर पडतो. परंपरेची खूण, गुरूचे नाव, मंत्र, तिथी, वार हे सारे नोंदले जाते. तूप द्यायचे राहते. मंत्रदीक्षेच्या उदात्त प्रसंगात हे पावशेर तूप वाण्याच्या घरचे, वजनमापाचे आहे. ते देण्यासाठी जागेपणी कोणी उरलेले नाही. दार्ष्टान्तिकाची जागा रिकामी राहते, आणि ते ऋण घेऊन कवी पुढे बोलत राहतो. पादुकांच्या प्रसंगापेक्षा हा अभंग काव्य म्हणून श्रेष्ठ ठरतो तो या रिकाम्या जागेमुळे.

बहिणाबाईंच्या आत्मकथनपर अभंगांत दार्ष्टान्तिक हाच संघर्षाचा विषय होतो. कोल्हापुरात असताना, तुकोबांना कधी प्रत्यक्ष न पाहिलेल्या या ब्राह्मण स्त्रीला त्यांचा स्वप्नात अनुग्रह होतो. वर्णव्यवस्थेने शूद्र ठरवलेला गुरू, आणि शिष्या वैदिकाची पत्नी. जागेपणी जे नाते कोणी जुळू दिले नसते ते निद्रेत जुळते. त्याची किंमत मात्र जागेपणी चुकवावी लागते : पतीचा संताप, मारहाण, पुढे देहूला मंबाजीचा छळ. येथे कोणी पादुका आणून देत नाही. स्वप्न खरे होते हे बहिणाबाईंना स्वतःच्या जगण्याने आणि अभंगरचनेने सिद्ध करावे लागते. दृष्टान्त दिलेला आहे. दार्ष्टान्तिक त्यांना स्वतः घडवायचे आहे.

या तीन संहिता शेजारी ठेवल्या की मूल्यमापनाचा एक निकष हाती येतो. दृष्टान्त हा अधिकाराचा दावा असतो. व्यवहारात ‘मला दृष्टान्त झाला’ हे विधान वाद मिटवू शकते, तसेच प्रश्न विचारणाऱ्याचे तोंडही बंद करू शकते. कारण त्याचा साक्षीदार दावेदाराखेरीज कोणी नसतो. त्यामुळे असे स्वप्न खरे की खोटे, या प्रश्नात समीक्षेने अडकून पडण्याचे कारण नाही. त्याचे दार्ष्टान्तिक कोण पुरवतो आणि त्याची किंमत कोणाला मोजावी लागते, हे तिने विचारावे. पुंडलिकाच्या प्रसंगात ती कोणालाच मोजावी लागत नाही. तुकोबांच्या अभंगात ती थकलेली आहे. बहिणाबाईंनी ती आयुष्यभर मोजली आहे, आणि स्त्रीच्या अधिकारवाणीचा विचार करणाऱ्या अभ्यासकाने त्यांच्या स्वप्नाकडे चमत्कार म्हणून पाहणे सोडण्यास एवढे कारण पुरेसे आहे.