संचित रजा : सवलत, पात्रता आणि न्यायालयीन तपासणी

महाराष्ट्रातील सिद्धदोष बंद्यांना तात्पुरती मुक्तता दोन प्रकारे मिळते : संचित रजा, म्हणजे फर्लो, आणि अभिवचन रजा, म्हणजे पॅरोल. पहिली ठरावीक कारावास भोगल्यावर विशेष कारण न दाखविता मागता येते. दुसरीस आप्ताचे आजारपण वा मृत्यू यांसारखे निमित्त लागते. संचित रजेचा काळ शिक्षेत मोजला जातो, अभिवचन रजेचा जात नाही. दोहोंचा आधार म्हणजे तत्कालीन मुंबई राज्याने १९५९ साली केलेले नियम होत. राज्यविभाजनानंतर गुजरातमध्येही तेच लागू राहिले.

या नियमांच्या रचनेतच एक विसंगती आहे. तिसरा नियम पात्रतेचे माप देतो. मूळ संहितेनुसार एक ते पाच वर्षांची शिक्षा झालेल्या बंद्यास प्रत्यक्ष भोगलेल्या प्रत्येक वर्षामागे दोन आठवड्यांची रजा मिळू शके. चौथा नियम अपात्रांचे वर्ग सांगतो. सार्वजनिक शांततेच्या कारणावरून ज्यांच्या मुक्ततेस पोलीस आयुक्त वा जिल्हादंडाधिकारी शिफारस देत नाहीत असे बंदी त्यांतच येतात. सहावा नियम आप्ताचा जामीन मागतो. अर्थात ज्यास घेऊन जाणारे कोणी उरले नाही, त्याची पात्रता कागदावरच राहते. इतके मोजमाप केल्यावर सतरावा नियम मात्र असे बजावतो की, यांतून कोणताही कायदेशीर हक्क उत्पन्न होत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली सतराव्या नियमास अनुसरून फर्लो हा हक्क नसल्याचे सांगितले. गुजरात राज्याच्या अपिलात २० ऑक्टोबर २०२१ रोजी दिलेल्या निर्णयात त्याच न्यायालयाने कौटुंबिक जीवनाशी नाते टिकविणे व कारावासाची एकसुरी साखळी तोडणे, हे रजेचे हेतू मान्य केले. तथापि तो निरपेक्ष हक्क नव्हे आणि सार्वजनिक हिताशी त्याचा मेळ बसला पाहिजे, असे ठरवून उच्च न्यायालयाने मंजूर केलेली रजा रद्द केली.

त्या प्रकरणापुरता हा निष्कर्ष समर्थनीय आहे, कारण नकाराच्या आदेशामागे बंद्याच्या कारागृहातील वर्तनाच्या व साक्षीदारांना असलेल्या धोक्याच्या ठोस नोंदी होत्या. परंतु प्रत्येक नकारामागे अशा नोंदी असतातच असे नाही. ‘शांतताभंगाची शक्यता’ हे दोन शब्द लिहून अर्ज निकाली काढला, तर ‘सार्वजनिक हित’ ही कसोटी न राहता सबब होते. हक्क नाही, म्हणून कारणेही नकोत, हा तर्क टिकणारा नाही. रजा मिळण्याचा हक्क नसला, तरी अर्जाचा न्याय्य विचार होण्याचा हक्क संविधानाच्या चौदाव्या अनुच्छेदातून येतो. आणि दोनशे सव्विसाव्या अनुच्छेदाखाली उच्च न्यायालयाने तपासावयाचे ते नेमके हेच.

या तपासणीलाही मर्यादा आहेत. न्यायालय बहुधा आदेश रद्द करून अर्ज फेरविचारासाठी परत पाठविते. तोवर ज्या प्रसंगासाठी बंद्यास घरी जावयाचे होते तो टळून गेलेला असतो. यास्तव खरा उपाय न्यायालयाच्या आधीच्या पायरीवर आहे : नकाराचा आदेश सकारण असावा, पोलीस अहवालातील आक्षेपाचे तथ्य त्यात नमूद व्हावे आणि त्याची प्रत बंद्यास त्वरित मिळावी. एवढे झाले, तर सतरावा नियम जसाच्या तसा राहूनही तिसऱ्या नियमास अर्थ उरेल.